बदली झाली, क्वार्टर सुटत नाही: कुठला वाद कुठल्या दारात न्यायचा

मे-जून हा कर्नाटकात बदल्यांचा हंगाम. नवरा बळ्ळारीला हजर झालेला, घरची माणसं बेळगावच्या क्वार्टरमध्येच, मुलगी मराठी शाळेत नववीत, आणि हातात कानडीतली नोटीस: घर रिकामं करा, नाहीतर दंडाचं भाडं भरा. अशा वेळी सगळं एकच भांडण आहे असं वाटायला लागतं. बदली अन्यायाची, घर काढून घेणं अन्यायाचं, पगारातून कापलेले पैसे तर अन्यायाचेच. मग एकच लांबलचक अर्ज लिहिला जातो, त्यात सगळी गाऱ्हाणी येतात, आणि तो अर्ज ज्याच्याकडे जातो त्याला त्यातल्या निम्म्या गोष्टींत काही करण्याचा अधिकारच नसतो.

कायद्याच्या लेखी हे तीन वेगळे वाद आहेत. बदलीचा एक, घराच्या ताब्याचा दुसरा, पैशाचा तिसरा. तिघांची कार्यालयं वेगळी, मुदती वेगळ्या, पुरावेही वेगळे. हे वेगळेपण पहिल्या आठवड्यात लक्षात आलं तर बरंच काही वाचवता येतं. सहा महिन्यांनी लक्षात आलं तर तोवर बहुतेक मुदती उलटलेल्या असतात.

घर तुमच्याकडे कशाच्या जोरावर आहे?

क्वार्टरमध्ये राहणारा बहुतेक वेळा भाडेकरू नसतो, परवानाधारक असतो. भारतीय सुविधाधिकार कायदा १८८२ च्या कलम ५२ मध्ये परवान्याची व्याख्या आहे: दुसऱ्याच्या जागेत काही करण्याची किंवा राहण्याची मुभा, पण त्या जागेत कुठलाही हक्क तयार होत नाही. परवाना की भाडेकरार, हे कागदाच्या नावावरून ठरत नाही, दोन्ही बाजूंचा खरा हेतू काय होता त्यावरून ठरतं, असं सर्वोच्च न्यायालयाने १९५९ मध्येच सांगितलं आहे. नोकरीतल्या घराच्या बाबतीत हा हेतू ओळखायला चार गोष्टी पाहिल्या जातात. वाटपाचा हुकूम पदाच्या नावाने आहे का? दरमहा पगारातून कापली जाणारी रक्कम 'लायसन्स फी' म्हणून दाखवली आहे का? ती बाजारभावापेक्षा खूपच कमी आहे का? आणि नोकरी संपली किंवा बदली झाली की घर सोडायचं, अशी अट हुकुमात आहे का? चारही उत्तरं 'हो' असतील तर भाडेनियंत्रण कायद्याचं संरक्षण मागण्यात अर्थ नाही.

वीस वर्षं राहिलो, स्वतःच्या पैशाने फरशी बसवली, मागे पत्र्याची शेड काढली, परसात नारळ लावले, हे मुद्दे सुनावणीत हमखास येतात. त्यांतून हक्क निर्माण होत नाही. उलट परवानगी न घेता काढलेली शेड तुमच्याविरुद्धच वापरली जाते. फरशीचे पैसे परत मागायचे असतील तर काम करण्याआधी घेतलेली लेखी परवानगी हाताशी हवी, आणि ती जवळजवळ कुणाकडेच नसते.

अपवादही आहेत. कंपनीने घर दिलं, पण वेगळा भाडेकरार केला, भाडं पगारातून न कापता पावतीने घेतलं आणि करारात नोकरीचा उल्लेखच नाही, असं असेल तर तुम्ही भाडेकरू असल्याचा दावा टिकू शकतो. म्हणून पहिलं काम हेच: वाटपाचा हुकूम शोधा आणि त्याच्या मागच्या पानावरच्या अटी वाचा. हुकूम हरवला असेल तर आस्थापना शाखेकडून प्रत मागा. खातं सरकारी असेल तर माहिती अधिकाराखाली १० रुपये फी भरून मागता येते.

घड्याळ कधी सुरू होतं

मुदत मोजायला बदलीच्या हुकुमाची तारीख घ्यायची की नव्या जागी हजर झाल्याची? बहुतेक नियमांत यांतली एकही नसते, जुन्या जागेवरून कार्यमुक्त झाल्याची म्हणजे 'रिलीव्ह' झाल्याची असते. त्या दिवसापासून तुम्ही त्या घरात सवलतीच्या मुदतीवर राहत असता. ती संपली की तुम्ही 'अनधिकृत ताबाधारक' ठरता, मग पगारातून फी कापली जात असो वा नसो.

ही मुदत खात्यानुसार बदलते. रेल्वेचा नियम सर्वांत स्पष्ट आहे, म्हणून उदाहरणाला तोच घेऊ. ज्या बदलीत गाव सोडावं लागतं, तिथे नेहमीच्या फीवर २ महिने घर ठेवता येतं. मुलांचं शिक्षण किंवा घरातलं आजारपण या कारणासाठी अर्ज केला, तर पुढचे ६ महिने दुप्पट फीवर मिळू शकतात. शिक्षणाच्या कारणावर चालू शैक्षणिक वर्ष संपेपर्यंत आणखी वाढ मागता येते. ही वाढ आपोआप मिळत नाही. अर्ज करावा लागतो आणि मंजुरीचा कागद हातात यावा लागतो.

त्या अर्जाची किंमत किती, ते हिशेबाने पाहा. आकडे केवळ समजण्यासाठी घेतले आहेत. फी महिना ४०० रुपये, अनधिकृत ताब्याचा दंडदर महिना १०,००० रुपये, १० जूनला रिलीव्ह, घर सोडलं पुढच्या वर्षी ९ मेला. अर्ज करून ६ महिन्यांची वाढ मिळवली असेल तर: पहिले २ महिने ८०० रुपये, पुढचे ६ महिने दुप्पट दराने ४,८०० रुपये, उरलेले ३ महिने दंडाने ३०,००० रुपये, एकूण ३५,६००. अर्जच केला नसेल तर: २ महिने ८०० रुपये आणि ९ महिने दंडाने ९०,००० रुपये, एकूण ९०,८००. एका पानाच्या अर्जाने ५५,२०० रुपयांचा फरक पडला. शैक्षणिक वर्ष संपेपर्यंतची वाढही मिळाली असती तर दंडाचे ३ महिनेही कमी झाले असते.

राज्य सरकारची खाती, महामंडळं, वीज कंपनी, पोलीस, पाटबंधारे खात्याच्या वसाहती, प्रत्येकाचे नियम वेगळे आहेत. शेजारच्या घरातल्या रेल्वेवाल्याला आठ महिने मिळाले म्हणून हिडकल डॅमच्या वसाहतीतल्या कर्मचाऱ्याला मिळतीलच असं नाही. त्यामुळे नियम तोंडी विचारू नका. 'बदलीनंतर घर किती काळ आणि किती फीवर ठेवता येईल, ते कृपया लेखी कळवावे' असं एका ओळीचं पत्र देऊन पोच घ्या. उत्तर आलं तर नियम कळतो. नाही आलं तर पुढे 'मी विचारलं होतं' हे सिद्ध करायला पोच उपयोगी पडते.

मुदतवाढीच्या अर्जात काय हवं

अर्ज रिलीव्ह होण्याआधी, निदान त्याच दिवशी द्या. त्यात वाटप हुकुमाचा क्रमांक, रिलीव्ह झाल्याची तारीख, किती तारखेपर्यंत घर हवं ती नेमकी तारीख, आणि कारण. 'काही महिने' असं लिहू नका. शिक्षणाचं कारण असेल तर शाळेचा दाखला जोडा, आणि त्यात मुलाची इयत्ता, शिक्षणाचं माध्यम आणि वर्ष संपण्याची तारीख या तिन्ही गोष्टी असायला हव्यात.

सीमाभागातल्या मराठी कुटुंबांच्या बाबतीत माध्यमाचा मुद्दा खरोखरच वजनदार आहे. बदली शिमोग्याला किंवा म्हैसूरला झाली आणि तिथे मराठी माध्यमाची शाळा नसेल, तर दहावीच्या तोंडावर माध्यम बदलणं म्हणजे मुलाचं वर्ष धोक्यात घालणं. हे अर्जात लिहाच. मात्र तो हक्क असल्यासारखा लिहू नका. संविधानाच्या अनुच्छेद ३५०-क मध्ये अल्पसंख्याक भाषिक मुलांना प्राथमिक टप्प्यावर मातृभाषेतून शिक्षणाची सोय करण्याबद्दल सांगितलं आहे. तो राज्याला आणि स्थानिक संस्थांना उद्देशून आहे. त्यातून वडिलांना क्वार्टर ठेवण्याचा अधिकार मिळत नाही. मुदतवाढ ही अधिकाऱ्याच्या मर्जीतली गोष्ट असल्याने अर्जात कारण पटेल असं मांडणंच फायद्याचं.

नवरा-बायको दोघंही एकाच खात्यात असतील आणि जोडीदाराची बदली झाली नसेल, तर वाढ मागण्यापेक्षा घर जोडीदाराच्या नावावर करून मागा. त्याचं पद त्या प्रकारच्या घराला पात्र असेल तर हाच सर्वांत स्वच्छ मार्ग असतो. मात्र हाही अर्ज मुदत चालू असतानाच गेला पाहिजे. ताबा अनधिकृत ठरल्यावर केलेला अर्ज 'ताबा टिकवण्यासाठी केलेला' म्हणून बाजूला पडतो.

लष्करात असलेल्यांसाठी व्यवस्था वेगळी आहे. फील्ड भागात नेमणूक झालेल्या जवानाच्या कुटुंबासाठी स्वतंत्र कुटुंब निवासाची तरतूद आहे, आणि त्याचा अर्ज युनिटमार्फत जातो.

कानडी नोटीस

राज्य खात्यांच्या नोटिसा कानडीत येतात. नीट कळल्या नाहीत म्हणून त्या कपाटात पडून राहतात आणि तेवढ्यात मुदत उलटते. कागदावर 'वर्गावणे' दिसलं तर तो बदलीचा विषय आहे, 'वसती गृह' म्हणजे क्वार्टर, 'तेरवु' म्हणजे रिकामं करणं, 'दंड बाडिगे' म्हणजे दंडाचं भाडं आणि 'मेल्मनवी' म्हणजे अपील. 'कारण केळुव नोटीस' असं शीर्षक असेल तर ती कारणे दाखवा नोटीस आहे. तिला लेखी उत्तर दिलंच पाहिजे. नोटीस ज्या दिवशी मिळाली ती तारीख आणि वेळ पाकिटावर लिहून ठेवा, पाकीट फेकू नका. घेताना सही करावीच लागते, सहीखाली तारीख टाका. नोटीस घ्यायचं नाकारलं की काम टळतं असा एक समज आहे. प्रत्यक्षात ती दारावर चिकटवली जाते आणि 'बजावली' असं धरलं जातं.

उत्तर कानडीत दिलेलं बरं, निदान कानडी भाषांतर जोडलेलं बरं. इथे भाषेचा प्रश्न उपस्थित करून एक-दोन आठवडे मिळतीलही, पण सुनावणी घेणाऱ्या अधिकाऱ्याच्या मनात तुमचं उत्तर आलंच नाही असं बसलं तर नुकसान तुमचं आहे.

घर कुणाच्या मालकीचं, त्यावर कायदा ठरतो

केंद्र सरकारची खाती, रेल्वे, टपाल, सार्वजनिक बँका, विमा महामंडळ, संरक्षण खातं यांच्या घरांना १९७१ चा सार्वजनिक जागा (अनधिकृत ताबाधारकांचे निष्कासन) कायदा लागतो. बँकेने दुसऱ्याचं घर भाड्याने घेऊन अधिकाऱ्याला दिलं असेल तरी तोच, कारण त्या कायद्याच्या व्याख्येत भाड्याने घेतलेल्या जागाही येतात. टिळकवाडीत एखाद्याचा बंगला बँकेने भाड्याने घेतलेला असतो, अधिकारी बदलून जातो, कुटुंब राहतं, बँक करार वाढवत नाही आणि घरमालक दारात येतो. अशा वेळी घरमालकाशी परस्पर तोंडी ठरवून राहणं ही मोठी चूक, कारण बँकेच्या हिशेबी ताबा तुमचाच असतो आणि पुढे बँकेकडून वसुली येते. घरमालकाशी नवा करार करायचा तर आधी बँकेला घर लेखी परत करा.

कर्नाटक सरकार, जिल्हा पंचायत, महापालिका, राज्य महामंडळं यांच्या घरांना कर्नाटकचा १९७४ चा त्याच नावाचा कायदा लागतो. केंद्राच्या कायद्यात निर्णय देणारा 'इस्टेट ऑफिसर', राज्याच्या कायद्यात 'सक्षम अधिकारी'. रचना बरीच सारखी आहे: नोटीस, सुनावणी, निष्कासनाचा म्हणजे घराबाहेर काढण्याचा हुकूम, भाडं आणि नुकसानभरपाई, आणि जिल्हा न्यायाधीशांकडे अपील. दोन्ही कायद्यांत साधं दिवाणी न्यायालय बाद आहे. त्यामुळे बेळगावच्या दिवाणी न्यायालयात मनाईचा दावा टाकून 'स्टे' आणू, हा सल्ला कुणी दिला तर आधी घराचा मालक कोण ते तपासा.

महाराष्ट्र सरकारच्या नोकरीतलं कोल्हापूर किंवा चंदगडचं क्वार्टर असेल तर महाराष्ट्राचा स्वतःचा १९५५ चा कायदा लागतो. बेळगावात राहणारे आणि पलीकडे नोकरी करणारे यात गोंधळतात. घर जिथे उभं आहे आणि ज्याच्या मालकीचं आहे, त्यावर कायदा ठरतो. तुमचा रहिवासी दाखला कुठला, याला महत्त्व नाही. महाराष्ट्राने २००४ मध्ये दाखल केलेला सीमाप्रश्नाचा दावा सर्वोच्च न्यायालयात आहे, त्याचा निकाल काहीही लागो, तोवर खानापुरातलं क्वार्टर कर्नाटकच्याच नियमाने रिकामं होणार.

खासगी कंपनीचं घर असेल तर कंपनी दिवाणी दावा लावू शकते, पण तिच्या हातात याहून धारदार हत्यार आहे: कंपनी कायदा २०१३ चं कलम ४५२. कंपनीची मालमत्ता चुकीने अडवून ठेवणाऱ्या अधिकाऱ्याला किंवा कर्मचाऱ्याला १ लाख ते ५ लाख रुपये दंड, आणि न्यायालयाने दिलेल्या मुदतीत परत न केल्यास २ वर्षांपर्यंत कैद. ही फौजदारी कारवाई आहे. जुन्या कायद्यातलं याच स्वरूपाचं कलम नोकरी सोडून गेलेल्यांना आणि मृत कर्मचाऱ्याच्या वारसांनाही लागतं, असं सर्वोच्च न्यायालयाने ठरवलेलं आहे. एक बचाव मात्र अलीकडे मिळाला आहे. २०२० च्या दुरुस्तीने असं घातलं की कंपनीनेच भविष्य निर्वाह निधी, निवृत्तिवेतन, ग्रॅच्युइटी यांसारखी देणी दिली नसतील, तर राहतं घर अडवल्याबद्दल कैदेची शिक्षा देता येणार नाही. दंड लागू शकतो. म्हणून अशा तक्रारीची नोटीस आली की कंपनीकडून येणं असलेल्या प्रत्येक रकमेचा तक्ता तयार ठेवा.

सहकारी साखर कारखाने कंपनी कायद्याखाली येत नाहीत, त्यामुळे त्यांना कलम ४५२ वापरता येत नाही. त्यांना दुसरा मार्ग घ्यावा लागतो आणि तो लांबचा असतो. या भागात घरासाठी दबाव म्हणून गाळप हंगामाची थकबाकी किंवा शेवटचा हिशेब अडवून ठेवण्याची पद्धत दिसते, ती याच कारणाने. तिच्याबद्दल पुढे बोलू.

नोटिशीपासून अपिलापर्यंत

केंद्राच्या १९७१ च्या कायद्याचा नेहमीचा क्रम असा. कलम ४ ची कारणे दाखवा नोटीस येते. तिच्यात घराचा तपशील, ताबा अनधिकृत का आहे याची कारणं आणि सुनावणीची तारीख हवी. नुसतं 'घर रिकामं करा' लिहिलेलं पत्र ही कलम ४ ची नोटीस नव्हे, ते खात्याचं साधं पत्र आहे. सुनावणीत तुमच्या हातात असाव्यात: वाटप हुकूम, रिलीव्ह हुकूम, मुदतवाढीचा अर्ज त्याच्या पोचेसह, मंजुरी असेल तर ती, पगारपत्रकं आणि शाळेचा किंवा दवाखान्याचा दाखला. तोंडी बोलाल ते सगळं लेखी देऊन त्याचीही पोच घ्या. मग कलम ५ चा हुकूम येतो, आणि त्यात कारणं लिहिलेली असली पाहिजेत. कारणं नसलेला हुकूम अपिलात सर्वांत आधी पडतो.

अपील जिल्हा न्यायाधीशांकडे, कलम ९ खाली, आणि मुदत फक्त १२ दिवस. पुरेसं कारण असेल तर उशीर माफ होऊ शकतो, पण त्यावर अवलंबून राहू नका. राज्याच्या कायद्याखालचा हुकूम असला तरी याच १२ दिवसांत धावपळ करा, म्हणजे मुदतीचा प्रश्नच येत नाही. हुकुमाची प्रमाणित प्रत त्याच दिवशी मागा. अपिलासोबत स्थगितीचा स्वतंत्र अर्ज लागतो. नुसत्या अपिलाने कारवाई थांबत नाही.

२०१९ पासून केंद्राच्या कायद्यात खात्यासाठी एक छोटा रस्ताही आला आहे. १६ सप्टेंबर २०१९ ला लागू झालेल्या दुरुस्तीतलं कलम ३-बी ठरावीक मुदतीसाठी किंवा पदावर असेपर्यंत परवान्यावर दिलेल्या निवासाला लागतं. त्यात कारण दाखवायला फक्त ३ कामाचे दिवस मिळतात. शुक्रवारी संध्याकाळी नोटीस आली तर पुढचा आठवडा सुरू होण्याआधी उत्तराचा मसुदा तयार हवा. अपिलाच्या कलम ९ मध्ये या कलमाचा उल्लेख नाही, म्हणून त्याविरुद्ध सहसा थेट उच्च न्यायालयात रिट करावं लागतं, आपल्याकडे धारवाड खंडपीठात. आणि आव्हान दिलं तरी ताबा असेपर्यंत दरमहा नुकसानभरपाई भरावी लागते.

न्यायालयांचा कल ओळखून चाला. कर्नाटकातल्या रस्ते वाहतूक महामंडळाच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ५ जुलै २०१३ ला सरकारी घरं न सोडणाऱ्यांविरुद्ध कडक निर्देश दिले. निवृत्तीच्या ३ महिने आधीच नोटीस द्यावी, असं त्यात आहे. तेव्हापासून 'थोडी सवलत द्या' या विनंतीला खालच्या न्यायालयांत फारसा वाव उरलेला नाही.

बदलीचा वाद आणि घराचा वाद

इथे सर्वांत जास्त नुकसान होतं. बदलीला आव्हान दिलं म्हणजे घर सुरक्षित झालं, असं समजून लोक निर्धास्त होतात. राज्य कर्मचाऱ्याची बदली कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या बेळगाव खंडपीठात, केंद्रीय कर्मचाऱ्याची केंद्रीय न्यायाधिकरणाच्या बंगळूर खंडपीठात, आणि कामगार असेल तर औद्योगिक वादाच्या यंत्रणेत. कामगाराची वाईट हेतूने, धोरणाच्या आडून केलेली बदली ही कामगार कायद्यात अनुचित प्रथा आहे. पण यातल्या कुठेही दाव्याचा नंबर पडला म्हणून घराचं घड्याळ थांबत नाही. थांबवतो तो स्थगितीचा हुकूम, आणि तोही तुम्ही रिलीव्ह होण्याआधी मिळाला तर. रिलीव्ह होऊन नवी व्यक्ती खुर्चीत बसल्यावर मिळालेली स्थगिती बहुतेक वेळा कागदावरच राहते.

उलट्या बाजूने, सार्वजनिक जागा कायद्याखालचा निष्कासन हुकूम केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात आव्हानाला जात नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेलं आहे. तो सेवेचा वाद नाही, जागेचा वाद आहे. तिथे अर्ज करून महिनाभर थांबलात तर १२ दिवस केव्हाच गेलेले असतात.

म्हणून बदलीच्या अर्जातच एक वेगळी अंतरिम मागणी घाला: 'हा अर्ज निकाली निघेपर्यंत निवास नेहमीच्या फीवर ठेवू द्यावा'. मिळेलच असं नाही. मात्र मागितलीच नाही तर ती मिळण्याचा प्रश्नच येत नाही.

पैसे

दंडाचं भाडं कुठल्या दराने लावलं, हे विचारण्याचा तुम्हाला अधिकार आहे. १९७१ च्या कायद्याखालच्या नियमांत नुकसानभरपाई ठरवताना काय पाहायचं ते दिलं आहे: ताब्याचा काळ आणि कारण, घराचा आकार आणि दर्जा, तीच जागा खासगी माणसाला भाड्याने दिली असती तर किती आलं असतं, आणि घराची काही मोडतोड झाली का. म्हणून खानापूर रोडवरच्या गळक्या दोन खोल्यांना शहराच्या मध्यवस्तीतल्या फ्लॅटचा दर लावला असेल, तर आजूबाजूच्या तीन-चार घरांचे भाडेकरार गोळा करून दाखवा. या मुद्द्यावर रक्कम कमी होऊ शकते. 'पैसे नाहीत' या मुद्द्यावर होत नाही. रक्कम भरली नाही तर जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते.

ग्रॅच्युइटी अडवण्याबद्दल निकाल दोन्ही दिशांचे आहेत. २००१ च्या एका निकालात निवृत्तीची देणी घरासाठी अडवू नयेत असं म्हटलं होतं. डिसेंबर २०२० मध्ये पोलाद प्राधिकरणाच्या प्रकरणात मात्र मुदतीबाहेर राहिल्यास दंडाचं भाडं लागणारच आणि ते ग्रॅच्युइटीसह देण्यांतून वळतं करता येईल, अशी भूमिका घेतली गेली. तुमच्या संस्थेच्या नियमात वळतं करण्याची तरतूद आहे का, यावर बरंच अवलंबून आहे. निवृत्तीजवळ आलेल्याने म्हणूनच घर आधी सोडावं आणि भांडण नंतर करावं.

खासगी आस्थापनेत वेतन संहितेप्रमाणे घराच्या सोयीची रक्कम पगारातून कापता येते, पण एका वेतनकाळात सगळ्या कपाती मिळून ५० टक्क्यांच्या वर जाता कामा नयेत. पगाराच्या चिठ्ठीत निव्वळ रक्कम निम्म्याहून कमी दिसली तर कामगार अधिकाऱ्याकडे तक्रार करा. सरकारी आस्थापनांना हा भाग आपोआप लागत नाही. साखर कारखान्यातला शेवटचा हिशेब घरासाठी अडवला असेल तर त्याची मागणी वेगळ्या अर्जाने करा, घराच्या वादात मिसळू नका.

एचआरए हा आणखी एक सापळा. नव्या गावी घरभाडे भत्ता कोणत्या तारखेपासून मिळेल, हे पगार काढणाऱ्या अधिकाऱ्याला लेखी विचारा. जुन्या गावचं घर ताब्यात असताना तो चुकीने मिळत राहिला तर दोन-तीन वर्षांनी लेखापरीक्षणात निघतो आणि एकरकमी वसुली लागते.

मालकाला काय करता येत नाही

हुकूम हातात नसताना वीज तोडणं, नळ बंद करणं, दाराला कुलूप लावणं, सामान बाहेर टाकणं, हे कुठल्याच मालकाला चालत नाही. ताबा अनधिकृत असला तरी तो कायदेशीर मार्गानेच काढावा लागतो. खासगी मालकाने जबरदस्तीने काढलं, तर विशिष्ट अनुतोष कायदा १९६३ च्या कलम ६ खाली ६ महिन्यांच्या आत ताबा परत मागण्याचा दावा करता येतो. सरकारविरुद्ध हे कलम चालत नाही, तिथे धारवाडला रिट करावी लागते. वीज तुटली तर हेस्कॉमच्या बिलाच्या पावत्या, तुटलेल्या मीटरचा फोटो आणि पोलीस ठाण्याची पोच त्याच दिवशी जमवा.

चावी देताना

घर सोडणं म्हणजे सामान हलवणं नव्हे. एका खोलीला कुलूप लावून जुनी कपाटं ठेवली तर ताबा चालूच धरला जातो आणि दंडाचे दिवस मोजले जातात. भाच्याला किंवा मित्राला राहायला ठेवलं तर पोटभाडेकरू ठेवल्याचा वेगळा आरोप लागतो.

सोडण्याच्या ८ दिवस आधी तारीख आणि वेळ कळवणारं पत्र द्या आणि तपासणीसाठी कनिष्ठ अभियंता मागा. हेस्कॉमचं अंतिम मीटर वाचन आणि पाणीपट्टीची पावती घ्या. खोल्या, पंखे, नळ, खिडक्यांच्या काचा यांचे तारखेसह फोटो काढा, कारण मोडतोडीची रक्कम दंडाच्या भाड्याहून वेगळी लावली जाते. मग ताबा पावती: घर क्रमांक, चाव्यांची संख्या, तारीख, वेळ, घेणाऱ्याचं नाव, हुद्दा, सही आणि शिक्का. चौकीदाराकडे चावी देऊन चालत नाही. कुणी घ्यायला तयार नसेल तर दोन शेजाऱ्यांच्या सह्यांनी पंचनामा करा, त्याच दिवशी ईमेल पाठवा, आणि चावी पत्रासह पोचपावतीच्या स्पीड पोस्टने कार्यालयप्रमुखाच्या नावे धाडा. 'ना देय' दाखला नंतर मिळेल, पण दंडाचं मीटर कुठल्या तारखेला थांबलं हे ताबा पावतीवरूनच ठरतं. ती पावती आणि मुदतवाढीच्या अर्जाची पोच निवृत्तीचा शेवटचा हिशेब होईपर्यंत सांभाळा.